गोळ्यांचं तोरण

पोळ्याच्या आधीच्या रविवारी आई मला घेऊन अकोल्याला मामाकडे जायची. जठारपेठेत मामाचं गोळ्या-बिस्किटांचं ठोक दुकान होतं. पुढच्या भागात बरण्या, पत्र्याचे डबे आणि गिऱ्हाईकं. मागे एक अंधारी खोली, तिथे पावसाळ्याच्या ओलीनं एकमेकींना चिकटून बसलेल्या गोळ्यांची ढेकळं पडलेली असायची. लिमलेटच्या, संत्र्याच्या फोडीच्या, बडीशेपेच्या, सगळ्या रंगांचा एकच दगड झालेला. दुकानात ते विकता येत नसे. मामा ती ढेकळं पिशवीत भरताना दर वर्षी तेच म्हणायचा, "घे वं सुमन, तुया लाकडाच्या बैलायचा चारा." आई हसायची. परतीच्या एसटीत ती पिशवी तिच्या मांडीवर असायची. मूर्तिजापूर येईपर्यंत मी त्यात बोट घालून घालून जीभ हिरवी करून घेतलेली असायची आणि आईनं ते पाहिलं नाही असं दाखवलेलं असायचं.

ज्यांच्या गावी ही रीत नाही त्यांच्यासाठी सांगते. पोळा बैलांचा. त्याच्या दुसऱ्या दिवशी आमच्याकडे पोरांचा पोळा भरतो, तान्हा पोळा. पोरं आपापले लाकडी बैल सजवतात, चाकं असली तर ओढत आणि नसली तर कडेवर घेऊन तोरणाखाली आणतात. तिथे झडत्या होतात. झडती म्हणजे चार ओळींचं चिमटे काढणारं कवन. ते तोरणाखाली उभं राहून खणखणीत आवाजात समोरच्याच्या तोंडावर म्हणायचं आणि समोरच्यानं त्याला तसंच चार ओळींत उत्तर द्यायचं. शेवटी महादेवाचं नाव घेऊन तोरण तोडायचं, मग घरोघर बैल फिरवायचा आणि बोजारा, म्हणजे खाऊ, गोळा करायचा. अमरावतीत परकोटाबाहेरच्या आमच्या गल्लीत खरा बैल औषधालाही नव्हता. तान्हा पोळा मात्र होता, आणि तो होता आईमुळे.

घर म्हणजे दोन खोल्या आणि पुढे बाबांचा छापखाना. छापखाना म्हणायचा तर पायानं चालवायचं एक ट्रेडल, टायपांचे खण असलेल्या लाकडी केसा आणि रॉकेलचा वास. पोट लग्नपत्रिकांवर चालायचं आणि जीव पत्रकांवर. हुंड्याविरुद्ध, बुवाबाजीविरुद्ध, नळाला पाणी न सोडणाऱ्यांविरुद्ध, बाबा स्वतःच लिहायचे, स्वतःच जुळवायचे, सायकलवरून स्वतःच वाटायचे. मी अक्षरं आधी उलटी शिकले, टायपावरची, आणि शाळेत गेल्यावर सुलटी. माझं नाव त्यांनी क्रांती ठेवलं. आईच्या तोंडी ते फार मजेशीर वाटायचं. क्रांती, ताटं घे. क्रांती, शेंबूड पूस. ट्रेडलची धडधड थांबली की घरातल्यांना काहीतरी चुकल्यासारखं व्हायचं, शेजारणी विचारायच्या, दादा बिमार हायेत का?

पोळ्यावरही बाबांचं एक पत्रक होतं. बैलाला एक दिवस पुरणपोळी आणि वर्षभर तुतारीची टोचणी, या ढोंगाचा धिक्कार असो. ते मला तोंडपाठ होतं. पोळ्याच्या दिवशी घरात पुरण शिजत असायचं, कढीत भजी पडत असायची आणि मी ओसरीवर उभी राहून ते पत्रक मोठ्यानं वाचायची. बाबा मान डोलवायचे, मग जेवायला बसायचे आणि तुपात बुडवून चांगल्या तीन-चार पोळ्या खायचे. आई वाढताना विचारायची, धिक्कारावर आनखी एक वाढू का? बाबा ताट पुढे सरकवायचे. मला तेव्हा आईचा राग यायचा. मी बाबांच्या बाजूची होते. जगात दोनच बाजू असतात आणि आई कुठल्याच बाजूला नाही, याची मला लाज वाटायची.

तोरणाचं काम तीन-चार दिवस आधी सुरू व्हायचं. शाळा सुटली की गल्लीतली सगळी पोरं आमच्या अंगणात. आई ती ढेकळं पाटावर ठेवून लाटण्याच्या टोकानं अशी टिचक्या मारून फोडायची की गोळ्या न फुटता सुट्या व्हायच्या. फुटल्या त्या पोरांच्या पोटात, हा करार होता, त्यामुळे लाटणं कुणाच्या हाती द्यायचं यावर तिचं बारीक लक्ष असे. बत्ताशांना दमट हवा चालत नाही. ते ती तांदळाच्या डब्यात पुरून ठेवायची आणि ओवायच्या दिवशीच काढायची. सुई चिमणीवर किंचित तापवायची, मग बत्तासा न तडकता भोक पडायचं. कागदातल्या गोळ्या ओवायच्या नसतात, बांधायच्या असतात. ती गाठ तिला तिच्या सासूनं शिकवली होती. बाबांच्या घरचे फुलवाले, सुईशिवाय नुसत्या दोऱ्यानं गजरा बांधणारे. एक गोळी इकडे, एक तिकडे, मधे दोरा फिरवून अंगठ्याखालून काढायचा आणि ओढायचा. मुन्नाला, आमच्या शेजारच्या शिंपिणीच्या थोरल्या पोराला, ती गाठ सगळ्यांत चांगली जमायची. त्याच्या धाकट्या भावाला, गुड्डूला, काहीच जमायचं नाही. तो दोरा धरून बसायचा आणि एखाद्या मोठ्या कारखान्याचा मालक असल्यासारखा सगळ्यांना सूचना द्यायचा.

आंब्याची पानं कागदाची असायची. छापखान्यात हिरव्या कागदावरची चुकलेली पत्रकं पडलेली असत, आई ती कापायला द्यायची. त्यामुळे आमच्या तोरणात दर दोन गोळ्यांमागे एक पान असे आणि पानावर 'जागे व्हा' नाहीतर 'जाब विचारा' असं काहीतरी असे. मुंग्या चढू नयेत म्हणून दोऱ्याची वरची टोकं रॉकेलमध्ये बुडवायची. अजूनही लिमलेटची गोळी तोंडात टाकली की मला तिच्या मागोमाग रॉकेलचा वास येतो. लोकांना सांगितलं तर ते तोंड वाकडं करतात. मला तो सणाचा वास वाटतो.

आणि आमचं तोरण सरळ नसायचं. बाबांच्या सायकलची एक जुनी रिम होती. तिच्याभोवती गोळ्यांच्या माळा बांधून आई ती कडुनिंबाच्या फांदीला आडवी टांगायची, पोरांच्या डोक्यावर हातभर उंच. पोरं खाली गोल करून उभी राहायची. पुढचं कुणी नाही, मागचं कुणी नाही. मला वाटायचं, गल्ली अरुंद म्हणून ही युक्ती. खरं कारण तिनं गाठी मारता मारता तुकड्यातुकड्यांनी सांगितलं, आणि तेही मला नाही, मुन्नाला. तिचं माहेर दर्यापूरकडचं, काळ्या जमिनीचं, घरी बैलजोड्या. गावच्या पोळ्यात तोरणाखाली पहिली जोडी कुणाची, याचा मान ठरलेला असतो. तिच्या वडलांत आणि त्यांच्या थोरल्या भावात एका साली त्यावरून शब्द गेला. गर्दीत बैल उधळले, एकाच्या शिंगानं दुसऱ्याचा बैल फाडला. दोन भाऊ त्यानंतर एकमेकांशी बोलले नाहीत. एकाची मयत झाली तेव्हा दुसरा दारात उभा राहिला आणि आत गेला नाही. घरात भिंत आली, तिचा भाऊ कंटाळून अकोल्याला गोळ्या विकायला गेला. एवढं सांगून ती म्हणाली, "मानापायी माहा बाप भावाले मुकला. बैलायले काई पडली नवती, कोन पुढं अन् कोन मांगं." मुन्ना गाठ ओढत म्हणाला, काकू, दोरा संपला.

मग एका साली आमच्या गल्लीच्या तोंडाशी नवा बंगला झाला. मालक ठेकेदार होते, तेल्हाऱ्याकडचे, सगळे त्यांना भाऊसाहेब म्हणत. माणूस वाईट नव्हता. मोठा आवाज, मोठं पोट, पांढरे बूट आणि गल्लीवर उपकार करायची घाई. त्यांच्या नातवासाठी त्यांनी सागवानी बैल करून आणला होता, वासराएवढा, पितळी घुंगरांचा, वर मखर. ते स्वतः आमच्या अंगणात येऊन पोरांना म्हणाले की यंदाचा तान्हा पोळा माझ्याकडून, लाउडस्पीकर माझा, बक्षिसं माझी. तोरण माझ्या फाटकाला बांधू, सरळ, खऱ्या पोळ्यासारखं, आणि ज्याचा बैल उजवा तो पुढे, त्याच्याहून डावा त्याच्या मागे. आईच्या हातातली माळ त्यांनी पाहिली, वा वहिनी, म्हणाले, हेच लावू.

दुसऱ्या दिवशी अंगणात कुणी गाठी मारल्या नाहीत. पोरांनी छापखान्यातली पट्टी नेली होती आणि ती बैल मोजत होती. कान धरायचे की नाही यावर वाद चालला होता. मुन्ना आणि गुड्डूचा आजवर दोघांत एक बैल होता, बाभळीचा, एका शिंगाचा. आता गुड्डूनं आपल्या आईजवळ रडून बाजारातून दुसरा आणवला होता, त्याहून बोटभर उंच. मुन्नानं त्याला विचारलं, मंग तू माह्या पुढं उभा राहशीन का? गुड्डू म्हणाला, राहीन. मुन्नानं त्याच्या पाठीत गुद्दा घातला. दोघं उठून दोन दिशांना गेले. आई सुपातल्या गोळ्यांकडे पाहत बसली. तिचा चेहरा मी तसा पूर्वी पाहिला नव्हता. घरात कुणी आजारी असताना ती अशी दिसायची.

बाबांनी त्याच संध्याकाळी पत्रक जुळवायला घेतलं. शीर्षक मी सुचवलं होतं, 'ठेकेदारांनी बालमनाचाही ठेका घेतला काय?' मला ते अजूनही वाईट वाटत नाही. आई स्वयंपाकघरातून आली, ओले हात पदराला पुसत उभी राहिली आणि म्हणाली की हे वाटू नका. बाबांनी कारण विचारलं. ती म्हणाली, "तुमी पत्रक वाटसान, पोट्टे बक्षीस पाहतीन. मंग ते तुमच्याकडून राहतीन का त्यायच्याकडून?" बाबा म्हणाले, तत्त्वाचा प्रश्न आहे. ती म्हणाली, पोट्ट्यायचा प्रश्न हाये. आणि तिनं सायकलची रिम खुंटीला परत अडकवली, माळा सोडवल्या आणि त्यांचं सरळ तोरण बांधायला घेतलं. मी तिला म्हटलं, तू विकली गेलीस. मला ते वाक्य एका पत्रकातून आलं होतं. ती मला म्हणाली, दोरा धर. मी धरला नाही. ती पायाच्या अंगठ्यात दोरा अडकवून एकटीच गाठी मारत राहिली.

तान्ह्या पोळ्याला उघाड होती. भाऊसाहेबांच्या फाटकाच्या दोन खांबांना तोरण बांधलेलं, लाल-हिरव्या गोळ्यांतून ऊन आरपार जात होतं, आणि खरं सांगायचं तर ते रिमवरच्या तोरणापेक्षा जास्त देखणं दिसत होतं. याचा मला आणखीच राग आला. पुढे सागवानी बैल, त्याच्याजवळ भाऊसाहेबांचा नातू, नव्या धोतरात कावराबावरा. मागे उंचीनं लागलेली रांग. गुड्डू पाचवा, मुन्ना बराच मागे, आणि तो समोरच्याच्या पाठीकडे एकटक पाहत होता. बायका कडेनं. बाबा पलीकडच्या पानठेल्यापाशी, हाताची घडी घालून. पत्रक वाटलं नव्हतं, तेवढं त्यांनी ऐकलं होतं.

भाऊसाहेबांनी माईकवरून हाक दिली, कोणी झडती म्हणता का पोट्टेहो? दोन-तीन पोरांनी जुन्या, सगळ्यांना पाठ असलेल्या म्हटल्या. मग मी पुढे गेले. झडती पोरी म्हणत नसत, पण माझं नाव क्रांती होतं. माझ्याकडे बैलही नव्हता. माईक हातात घेतला आणि रात्रभर मनात जुळवलेलं म्हटलं:

"उठा मुलांनो, जागे व्हा, मान धनाचा मोडा हो,
श्रीमंतांच्या बैलापुढती हात कशाला जोडा हो!"

पुढच्या दोन ओळी होत्या, त्यांत शोषण हा शब्द होता. त्या मी म्हणू शकले नाही. पोरं माझ्याकडे अशी बघत होती जशी प्रार्थनेनंतरच्या सूचनांकडे बघतात. भाऊसाहेब माईक परत घेत हसून म्हणाले, "पोट्टी नाई, बापाचं पत्रक बोलून राहिलं." सगळी गल्ली हसली. मुन्नाही हसला. मला पानठेल्याकडे बघवेना.

हसू ओसरायच्या आत बायकांच्या कडेनं आवाज आला. माईक नव्हता, तरी तो टोकापर्यंत गेला. शेताच्या एका धुऱ्यावरून दुसऱ्या धुऱ्यावर हाक मारावी तसा आवाज, आणि तो आमच्या दोन खोल्यांत आम्ही कधी ऐकला नव्हता. आई तोरणाखाली येऊन उभी होती, डोक्यावरचा पदर तसाच, आणि भाऊसाहेबांच्या तोंडावर म्हणत होती:

"तुहा बैल सागाचा, माहा बैल बाभळीचा,
दोघायनंही पाह्यला नाई चिखल आपल्या वावराचा.
एकानंही वढली नाई हातभर दोरी,
मंग पयल्या मानासाठी कायले शिरजोरी?"

आधी एक म्हातारा हसला, मग पोरं. मग असा हशा उसळला की सागवानी बैलाजवळचा नातूही हसायला लागला. भाऊसाहेबांचा चेहरा लाल झाला होता, पण रागानं नाही. ते खेड्यात वाढलेले होते, झडती म्हणजे काय ते त्यांना या गल्लीतल्या कुणाहीपेक्षा जास्त ठाऊक होतं. तिला उत्तर द्यायचं असतं आणि देता येत नसेल तर जागा सोडायची असते. त्यांनी घसा खाकरला. "सागाचा बैल माहा..." म्हणून सुरू केलं, थांबले, आभाळाकडे पाहिलं, पुन्हा सुरू केलं. गल्ली वाट पाहत होती. मग त्यांनी माईक खाली ठेवला आणि म्हणाले, "हारलो जी वहिनी. कोन्या गावच्या तुमी?" आईनं गावाचं नाव सांगितलं. ते म्हणाले, मंग बरोबर हाये. आणि वाकून, पोटाची अडचण सांभाळत, त्यांनी सागवानी बैल मखरासकट स्वतः मागे ओढला.

आता पुढे जागा रिकामी झाली. लगेच दुसऱ्या नंबरचा पोरगा तिथे सरकला, त्याला तिसऱ्यानं ढकललं, आणि क्षणभर वाटलं की झडतीचं काही झालं नाही, फक्त भांडण एक पाऊल मागे सरकलं. भाऊसाहेबही विचारू लागले, आता पुढं कोन? आईनं उत्तर दिलं नाही. तिनं खांबावरची तोरणाची एक गाठ सोडली, खांबाभोवती गुंडाळलेली उरलेली माळ उलगडली, ते टोक हातात धरलं आणि पोरांच्या रांगेला बाहेरून वळसा घालत चालू लागली. पोरं आपोआप आत सरकत गेली. मागचा मुन्ना वळसा येताच पुढच्या पोराच्या शेजारी आला, गुड्डू त्याला चिकटून. आई फिरून दुसऱ्या खांबाशी आली, तिथली गाठही सोडली आणि दोन्ही टोकं तिनं एका हातात उंच धरली. गोळ्यांच्या रिंगणात सगळे बैल, सागवानी, बाभळीचे, एका शिंगाचा, एक तर नुसता पुठ्ठ्याचा. ती म्हणाली, घ्या आता महादेवाचं नाव. पोरांनी घेतलं आणि सगळी एकदम तोरणावर तुटून पडली. दोरा जागोजागी तुटला, गोळ्या रस्त्यावर उड्या मारत गेल्या. भाऊसाहेबांच्या पांढऱ्या बुटाखाली एक बत्तासा फुटला आणि तो उचलून त्यांनी पाठ फिरवून हळूच खाल्ला, हे मी पाहिलं.

यातून गल्ली सुधारली असं मी लिहिणार नाही. पत्रकांवर वाढलेल्या माणसाला शेवटी विजय लिहायची फार सवय असते. पुढच्या साली भाऊसाहेबांनी मोठ्या मैदानावर पोळा भरवला, तिथे तोरण सरळ होतं आणि प्लॅस्टिकचं होतं, आणि आमच्या गल्लीतली निम्मी पोरं तिकडे गेली. मुन्ना आणि गुड्डू मात्र कडुनिंबाखालीच आले, दोन बैल घेऊन. आजही तान्ह्या पोळ्याला मोठमोठे बैल निघतात, त्यांच्यामागे नेत्यांचे त्याहून मोठे फोटो निघतात, आणि ते पाहून माझं डोकं आजही फिरतं. लोक म्हणतात, तुमचं लिखाण भांडखोर आहे. असू दे. भांडण्यासारखं संपलेलं नाही.

त्या संध्याकाळी आई मोरीपाशी बसून चिकट दोरे गरम पाण्यात धूत होती, पुढच्या वर्षी लागतात म्हणून. बाबा आले आणि दाराशी उभे राहिले. हातात टायप जुळवायची पट्टी. म्हणाले, सुमन, ती झडती पुन्हा सांग, छापतो. ती म्हणाली, "झडती छापत नसतेत. तोंडावर म्हनत असतेत." बाबा म्हणाले, तुला अशा येतात हे कधी सांगितलं नाहीस. ती दोरा पिळत म्हणाली की गावच्या पोळ्यात बायका माडीवरून पाहायच्या, खाली उभं कोण राहू देणार, पण कान काही कुणी बांधले नव्हते. घरी आल्यावर भाकरी थापताना ती मनातल्या मनात सगळ्या झडत्यांना उत्तरं द्यायची. अशी किती असतील, बाबांनी विचारलं. ती हसली आणि एक म्हटली. मग दुसरी. बाबा पट्टी खाली ठेवून उंबऱ्यावर बसले. मी मोरीच्या कट्ट्यावर. एका झडतीला ती तीन ओळींवर अडली:

"मोठ्या घरचा बैल म्हने झूल माही भारी,
लहान्या घरचा बैल म्हने भूक माही भारी,
दोघायच्याबी मानंवर जू सारखंच भारी..."

चौथी ओळ तिला कधी सुचलीच नव्हती, इतकी वर्षं. ती माझ्याकडे बघून म्हणाली, तू सांग वं, तू त लेखक हायेस. मला कुणी पहिल्यांदाच तसं म्हटलं होतं. मी क्षणाचाही वेळ न लावता सांगितलं, "उठा बैलांनो, तोडा आता गुलामीची दोरी."

आईनं ती ओळ जिभेवर फिरवून पाहिली, गोळी फिरवतात तशी. मग मान हलवली.

"बैल असा बोलते का?" ती म्हणाली. "पुन्यांदा सांग."